परग्रहाची दिनदर्शिका बनवायची, तर आधी दौलताबादला या

(ताज्या भागाचं हे लेखी रूप. ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं, किंवा ज्यांना आकडे डोळ्यांसमोर हवेत, त्यांच्यासाठी. या भागात आकडे बरेच आहेत, पण बेरीज-वजाबाकीच्या पुढे काहीच नाही. घाबरू नका.)



मागच्या महिन्यात चिकलठाण्याहून एका श्रोत्याचा व्हॉइस मेसेज आला. तो आणि त्याचे मित्र मिळून मराठीत एक विज्ञानकथेची ऑडिओ मालिका करताहेत. परग्रहावरची गोष्ट आहे. पात्रं तयार, भाषा तयार, पण गाडी एका ठिकाणी अडली. तो म्हणाला, "दादा, आमच्या ग्रहावरच्या लोकांचं कॅलेंडर कसं बनवायचं? महिन्यांची नावं ठरवली, पण पुढं काही सुचंना."

मेसेज ऐकून मी जरा हसलो. कारण त्याच आठवड्यात मी आमच्या घरात एका तारखेवरून भांडण लावून बसलो होतो. परग्रहाची नाही, आमच्याच पणजोबांच्या जमिनीच्या कागदावरची तारीख. त्या भांडणातून मी कॅलेंडरबद्दल जे शिकलो, तेच या मित्राला सांगावं असं वाटलं. म्हणून हा भाग.

आधी कागदाची गोष्ट

आमच्याकडे दोन जुने कागद आहेत. एक वाटणीचा. पणजोबा आणि त्यांचे थोरले भाऊ वेगळे झाले तेव्हाचा. तो मराठीत आहे आणि त्यावर 'शके १८४९' असं लिहिलंय. दुसरा कागद उर्दूत, एका शेताच्या खरेदीचा. त्यावर आकडा आहे १३४१.

प्रश्न साधा होता. शेत वाटणीच्या आधी घेतलं की नंतर? आधी घेतलं असेल, तर ते एकत्र कुटुंबाचं, थोरल्या भावाच्या घराचाही त्यात वाटा. नंतर घेतलं असेल, तर ते पणजोबांनी स्वतः कमावलेलं. दोन्ही घरांत यावरून वर्षानुवर्षं कुजबुज होती. मी म्हटलं, यात काय अवघड आहे? मोबाईल काढला. शके १८४९ मध्ये ७८ मिळवले, आलं १९२७. उर्दू कागद म्हणजे हिजरी सन असणार असं धरलं आणि १३४१ कन्व्हर्टरमध्ये टाकलं. उत्तर आलं १९२२-२३. मी लगेच फॅमिली ग्रुपवर टाकलं: "शेत वाटणीच्या आधीचं आहे, विषय संपला."

विषय संपला नाही. त्या दिवसापासून माझे सख्खे काका माझ्याशी बोलेनासे झाले.

पुढं काय झालं ते सांगतो. त्याआधी परग्रहावर एक चक्कर मारून येऊ.

तुमच्या ग्रहाचं गणित

समजा, तुमच्या ग्रहाचं वर्ष ४०० दिवसांचं आहे. म्हणजे तो आपल्या सूर्याभोवती ४०० दिवसांत एक फेरी मारतो. त्याला एक चंद्र आहे आणि त्याची पौर्णिमा दर ३२ दिवसांनी येते. तुम्ही म्हणाल, सोपंय, ३२ दिवसांचे १२ महिने. पण १२ गुणिले ३२ म्हणजे ३८४. सोळा दिवस उरले. त्यांचं काय करायचं?

इथे तीन वाटा फुटतात. पहिली वाट, उरलेले दिवस सोडून द्यायचे. चंद्राचं वर्ष ३८४ दिवसांचंच धरायचं. मग तुमचा नववर्षाचा सण दरवर्षी ऋतूच्या सोळा दिवस आधी येत राहणार. कधी उन्हाळ्यात, कधी पावसात.

दुसरी वाट, दर दोन वर्षांनी ३२ दिवसांचा एक जास्तीचा महिना घालायचा. हिशोब बरोबर बसला.

तिसरी वाट, चंद्राकडे बघायचंच नाही. सूर्य धरायचा. ४०० दिवसांचे आपल्या सोयीनं तुकडे पाडायचे आणि त्यांना महिना म्हणायचं.

आता बघा, या तिन्ही वाटा आपल्या पृथ्वीवर आहेत, आणि तिन्ही आपल्याच शहरात रोज वापरल्या जातात. हिजरी सन पहिल्या वाटेनं जातो. बारा चांद्र महिने, साधारण ३५४ दिवस. म्हणूनच रमजान दरवर्षी अकराएक दिवस आधी येतो. आपलं पंचांग दुसऱ्या वाटेनं जातं, अधूनमधून अधिक महिना घालतं, म्हणून दिवाळी कधी पावसाळ्यात जाऊन बसत नाही. आणि भिंतीवरचं जानेवारी-डिसेंबर तिसऱ्या वाटेनं.

यातली कुठलीच वाट चूक नाही. प्रश्न एवढाच, की ती वाट कशासाठी धरलीय. सणासाठी चंद्र चालतो. पण जेव्हा कॅलेंडरवर कर वसूल करायचा असतो, तेव्हा खेळ बदलतो.

तुमच्या ग्रहावर राजा चांद्र वर्षानं शेतसारा घेतो असं समजा. २४ पिकं निघतात तेवढ्या काळात, म्हणजे ९६०० दिवसांत, चांद्र वर्षं होतात २५. शेतकऱ्यानं पीक काढलं २४ वेळा आणि सारा भरला २५ वेळा! आपल्या पृथ्वीवर हे गणित साधारण ३३ आणि ३४ असं येतं. तेहतीस सुगीत चौतीस वसुल्या.

हा प्रश्न गोष्टीतला नाही. तो इथंच, दख्खनमध्ये, खराखुरा सोडवावा लागला होता.

दौलताबादचा जुगाड

शाळेत आपण एवढंच शिकलो, की मुहम्मद बिन तुघलकानं १३२७ मध्ये दिल्लीहून राजधानी देवगिरीला, म्हणजे दौलताबादला हलवली आणि सगळा घोळ झाला. पण त्याच तुघलकाच्या काळात, १३४४ मध्ये, दख्खनमध्ये एक नवा सन सुरू झाला. तो त्यानंच सुरू केला असं मानलं जातं. त्याचं नाव शुहूर सन. मराठीत सुहूर सन, अरबी सन, आणि सगळ्यात गोड नाव म्हणजे मृगसाल.

त्यात युक्ती काय होती? त्या वर्षी हिजरी सन ७४५ सुरू झालं, मे महिन्यात. म्हणजे मृगाच्या आसपासच. मग आकडा हिजरीचा घेतला, ७४५, पण इथून पुढं तो चंद्राच्या गतीनं चालवायचा नाही, सूर्याच्या गतीनं चालवायचा. सूर्य मृग नक्षत्रात गेला की नवीन वर्ष.

आपल्याकडे आजही शेतकरी काय म्हणतो? "मिरग लागला." सात-आठ जूनच्या सुमाराला. पेरणीची तयारी, आभाळाकडे डोळे. म्हणजे कॅलेंडरचा पहिला दिवस दरबारात नाही, शेताच्या बांधावर ठरला.

आणि हा सन टिकला किती? मराठेशाहीच्या मोडी कागदांत तो सगळीकडे भेटतो. तिथं वर्ष आकड्यात कमी, अरबी शब्दांत जास्त लिहायचे, तेही उलट्या क्रमानं, एकं आधी. उदाहरण घ्या: 'इहिदे सितैन मया व अलफ'. इहिदे म्हणजे एक, सितैन साठ, मया शंभर, अलफ हजार. बेरीज ११६१. इसवी सन काढायचं तर मृगापासून डिसेंबरपर्यंत ५९९ मिळवायचे आणि जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६००. ११६१ अधिक ६०० म्हणजे १७६१. जानेवारी १७६१. पानिपत!

अजून एक गंमत. वर्ष सूर्याचं, पण त्या कागदांत महिना आणि तारीख बऱ्याचदा हिजरीचीच असायची, चंद्राची. म्हणजे एकाच तारखेत दोन घड्याळं. शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये राज्याभिषेक शक सुरू केला, तोही पत्रांवर येऊ लागला. तरी सुहूर सन गेला नाही. नवीन कॅलेंडर आलं की जुनं मरतंच असं नाही. तुमच्या मालिकेसाठी हे लिहून ठेवा: ग्रहावर एकच कॅलेंडर असेल, तर तो ग्रह खोटा वाटेल.

पुन्हा तीच युक्ती, नऊ वर्षांच्या फरकानं

आता १६३६ मध्ये या. निजामशाही संपली ते वर्ष. शाहजहान त्या वर्षी स्वतः दौलताबादला आला होता, आणि औरंगजेबाला दख्खनचा सुभेदार त्यानं याच वर्षी नेमलं. महसुलाचा प्रश्न पुन्हा समोर. उत्तरेत अकबरानं फसली सन आधीच चालू केला होता. फसल म्हणजे पीक, त्यावरून फसली. दख्खनमध्ये तो शाहजहाननं आणला आणि युक्ती तीच वापरली. त्या वर्षी जूनमध्ये हिजरी १०४६ सुरू झालं होतं. तो आकडा पकडला आणि सूर्याच्या रुळावर ठेवला.

इथं जरा थांबा, कारण मला हे कळलं तेव्हा मी वहीच काढली.

१३४४ ते १६३६ किती वर्षं? सूर्याची २९२. त्याच काळात हिजरी आकडा ७४५ वरून १०४६ वर गेला. म्हणजे चंद्राची ३०१ वर्षं. फरक नऊ. चांद्र वर्ष घसरत घसरत सगळे ऋतू फिरून नऊ वेळा पुन्हा मृगाजवळ आलं होतं! म्हणून सुहूर आणि दख्खनी फसली हे दोन्ही सन सूर्याचे, दोन्ही हिजरीतून निघालेले, पण कायम नऊ वर्षांच्या अंतरानं चालतात. एकाच गाडीचे दोन डबे, वेगवेगळ्या स्टेशनांवर सोडलेले.

निजामाचा कागद

फसली सन पुढे हैदराबाद संस्थानात सरकारी सन झाला. मराठवाडा तेव्हा त्यातच. संस्थानाचा जमीन महसूल कायदा '१३१७ फसली'चा म्हणूनच ओळखला जातो. तिथं वर्ष मात्र मृगाला नाही, ऑक्टोबरच्या सुरुवातीला बदलायचं, आणि महिने इराणी नावांचे: आजूर, दै, बहमन, इस्फंदार, फरवर्दी… असं करत आबानपर्यंत. १७ सप्टेंबर १९४८ ला, ज्याला आपण मुक्तिसंग्राम दिन म्हणतो, तेव्हा सरकारी कागदावर १३५७ फसली चालू होतं.

आता परत आमच्या कागदाकडे.

शहागंजजवळ राहणाऱ्या एका निवृत्त मास्तरांकडे तो घेऊन गेलो. त्यांनी चष्मा पुसला, कागद खिडकीकडे धरला आणि आकड्याच्या शेजारच्या एका बारीक अक्षरावर बोट ठेवलं. "बेटा, हे काय आहे?" मी म्हटलं, शाईचा डाग असेल. ते म्हणाले, "डाग नाही. 'फे' आहे. फसलीचा फे. हिजरी असतं तर 'हे' असतं. आणि महिना बघ, खुरदाद. हिजरीत खुरदाद कुठून येणार?"

१३४१ फसली. ऑक्टोबर ते डिसेंबर असेल तर ५९० मिळवायचे, त्यानंतरचे महिने असतील तर ५९१. खुरदाद म्हणजे त्या वर्षाचा उन्हाळा. १३४१ अधिक ५९१ म्हणजे १९३२.

शेत १९२२ चं नाही, १९३२ चं. वाटणी १९२७-२८ ची. शेत वाटणीच्या *नंतरचं*.

एका अक्षरानं उत्तर उलटं झालं. आणि अडचण बघा, आता ते आमच्या बाजूचं होतं. मी पुन्हा ग्रुपवर लिहिलं, "माफ करा, माझी चूक झाली," तर थोरल्या घरातला चुलतभाऊ म्हणाला, "हो का? तुमच्या फायद्याचं निघाल्यावर बरी चूक सापडली!" त्याचं तरी काय चुकलं? मीच अर्ध्या मिनिटात, एका ॲपच्या भरवशावर, दोन घरांचा निकाल लावला होता.

मग आम्ही दोघं मिळून मास्तरांकडे गेलो. त्यांनी त्यालाही तेच अक्षर दाखवलं. मग रीतसर भाषांतर करून घेतलं, खर्च दोन्ही घरांनी अर्धा-अर्धा दिला. जमिनीचं काय ते वकील बघतील. पण तारीख आता दोन्ही घरांना मान्य आहे, आणि काका माझ्याशी बोलतात. थोडं टोमणे मारत, पण बोलतात.

ही फक्त आमच्या घरची गोष्ट नाही. २०२३ मध्ये कुणबी नोंदी शोधायला न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली, तेव्हापासून मराठवाड्यात कितीतरी घरांतून निजामकाळातले उर्दू आणि मोडी कागद बाहेर आले. तुमच्याही घरात एखादा असेल. तर एकच विनंती: आकडा दिसला की लगेच कन्व्हर्टर उघडू नका. आधी विचारा, हा आकडा कुठल्या घड्याळाचा? शके, सुहूर, फसली की हिजरी? आकड्याशेजारचं अक्षर बघा. महिन्याचं नाव बघा.

आणि आता मंगळ

तुम्ही म्हणाल, परग्रह राहिलाच की! नाही राहिला. परग्रहाचं खरंखुरं कॅलेंडर बनवायचं काम कधीच सुरू झालंय.

मंगळाचा दिवस आपल्यापेक्षा थोडा मोठा, २४ तास ३९ मिनिटं ३५ सेकंद. त्याला 'सोल' म्हणतात. मंगळाचं वर्ष म्हणजे आपले ६८७ दिवस, त्यांचे साधारण ६६८.६ सोल. पुन्हा अपूर्णांक! ग्रह कुठलाही असो, दिवस वर्षात नीट बसतच नाहीत.

आणि चंद्र? दोन आहेत. पण फोबोस साडेसात-पावणेआठ तासांत एक फेरी मारतो, पश्चिमेला उगवतो आणि पूर्वेला मावळतो. त्याच्यावरून महिना कसा मोजणार? दुसरा डायमॉस, तोही तीसेक तासांत फेरी पूर्ण करतो. म्हणजे मंगळावर पहिल्या दोन वाटा बंद. तिसरीच उरली.

अमेरिकेतले अवकाश अभियंते थॉमस गँगेल यांनी १९८५ मध्ये मंगळासाठी एक कॅलेंडर तयार केलं आणि आपल्या मुलाच्या नावावरून त्याला 'डेरियन' म्हटलं. त्यात २४ महिने आहेत. बहुतेक महिने २८ सोलचे, दर सहावा महिना २७ चा. बेरीज ६६८. उरलेल्या ०.६ साठी दहापैकी सहा वर्षं लीप वर्षं. आणि महिन्यांची नावं ऐका: सॅजिटेरियस, धनुस, कॅप्रिकॉर्नस, मकर, अ‍ॅक्वेरियस, कुंभ… एक लॅटिन, एक संस्कृत! आपल्या पंचांगातल्या राशी थेट मंगळावर.

पण मंगळावर काम करणारे शास्त्रज्ञ रोजच्या कामात महिने वापरत नाहीत. ते फक्त एवढंच सांगतात, की मंगळावरून पाहिलं तर सूर्य त्याच्या वर्तुळात किती अंशावर आहे. शून्य अंश म्हणजे उत्तर गोलार्धातला वसंत सुरू. १८० च्या पुढं गेलं की धुळीच्या वादळांचा हंगाम, यंत्रं सांभाळा.

आता मला सांगा, हे कुठं ऐकल्यासारखं वाटतं? सूर्य अमुक जागी आला, म्हणजे अमुक हंगाम आला, कामाला लागा. हे तर आपलं मृगसाल झालं! आपला शेतकरी वर्तुळाचे २७ भाग करतो: मृग, आर्द्रा, पुनर्वसू, पुष्य… प्रत्येक भाग १३ अंश २० मिनिटांचा, साधारण तेरा-चौदा दिवसांचा. तो पावसाची वाट बघतो, मंगळवाले धुळीची.

तर मित्रा, तुझ्या ग्रहासाठी

महिन्यांची नावं सगळ्यात शेवटी ठेव. आधी हे चार प्रश्न सोडव.

एक, तुझ्या लोकांचं पोट कशावर चालतं? पाऊस, वादळ, भरती, जे काही असेल. वर्ष बहुधा तिथूनच सुरू होईल.

दोन, वसुली कोण करतं आणि कधी? कॅलेंडर ऋतूपासून सुटलं, की त्याचा भुर्दंड कुणावर पडतो? तुझ्या गोष्टीतलं पहिलं भांडण तिथं सापडेल.

तीन, आकडा कुठून आला? नवीन राजा आला, त्यानं जुना आकडा उचलून नव्या गतीनं चालवला, असं झालं का?

चार, दोन कॅलेंडरांच्या मध्ये कोण अडकलंय? कुणाच्या तरी पणजोबांचा कागद असेलच, ज्यावर बारीकसं एक अक्षर आहे आणि ते वाचणारा माणूस आता म्हातारा झालाय.

हे झालं, की नावं आपोआप सुचतील.

आणि हो, आपल्याकडेही फसलीचा विचार पूर्ण गेलेला नाही. महाराष्ट्रात महसुली वर्ष आजही १ ऑगस्ट ते ३१ जुलै असं चालतं. जानेवारीही नाही, एप्रिलही नाही. सातबाऱ्यातल्या पीकपाण्याला अजून पावसाचंच कॅलेंडर लागतं.

घरातल्या पेटीत उर्दू किंवा मोडी कागद असेल, तर या रविवारी आजी-आजोबांसोबत बसून तो उघडा. फोटो काढून ठेवा, घडीवर फाटण्याआधी. आणि वाचणारं कुणी ओळखीचं असेल, तर त्यांच्याकडे लवकर जा.

पुढच्या भागात भेटू. तोपर्यंत ऐकत राहा, वाचत राहा!